शिरूर–दौंड, पोकरमार्गे

रविवारी दुपारी ऊन जरा कललं, की आमच्या गल्लीत हाक ऐकू येते, "चला, न्हावरा, शिक्रापूर, दौंऽऽड! चढा बिगीबिगी, दार लावतोय!"

आमच्या गल्लीत बस येत नाही. रिक्षा आली तरी उलटी बाहेर काढावी लागते. पण माझी नणंद पहिल्यांदा शिरूरला आली, तेव्हा ही हाक ऐकून पिशवी उचलून धावत खाली गेली होती. तिला दौंडलाच जायचं होतं. खाली धूळ होती आणि एक झोपलेलं कुत्रं. समोरच्या गच्चीवर पाण्याच्या टाकीला टेकून एक उंच, वाळका म्हातारा मोबाईलमध्ये बघत ओरडत होता. नणंदेला बघून तो म्हणाला, "रिझर्वेशन हाय का, ताई? न्हाई ना? मग ही गाडी तुमची न्हवं."

हे आमचे रंगनाथ आप्पा. एसटीतून रिटायर झालेले कंडक्टर. आणि ती गाडी म्हणजे मोबाईलवरचं पोकरचं टेबल.

या टेबलाच्या उभारणीत माझा हात आहे, हे आधीच सांगून टाकते. मी रांजणगावला एका कंपनीत अकाउंट्स बघते. त्यामुळे ज्याला ज्याला बटण असतं ते सगळं मला कळतं, असा गल्लीचा समज आहे. लोकांचे गिझरसुद्धा माझ्याकडे येतात. एके संध्याकाळी आप्पा दारात उभे राहिले आणि आवाज खाली आणून म्हणाले, "माधुरीताई, पोकरचं टेबल टाकायचं हाय. खाजगी. आपली आपली मान्सं. खर्च काय येतो?"

मी आधी दार लोटून घेतलं. "आप्पा, जुगार?"

"छ्या! पैसा लावायचाच न्हाई. फकस्त फी लावायची."

"पैसा लावायचा नाही, तर फी कशाची?"

"बसायची! फुकट बसलेला मानूस कवा बी उतरतो, ताई. तिकीट काढलेला मुक्कामापतूर बसतो."

पैशांऐवजी नुसत्या खोट्या चकत्यांवर खेळता येईल असं एक ॲप मी शोधून काढलं. त्यात टेबल मांडणाऱ्याला आधी 'हिरे' विकत घ्यावे लागायचे. ते हिरे दर महिन्याला आपोआप झिजायचे.

"हिरे कशाला?" आप्पा भडकले. "मला टेबल टाकायचंय, साखरपुडा न्हाई करायचा."

मग त्यांनी ज्येष्ठ नागरिकांना हिऱ्यांत सवलत आहे का, असं ॲपच्या मदत-खिडकीत मला विचारायला लावलं. पलीकडून ताबडतोब उत्तर आलं, की आपण फार छान प्रश्न विचारला आहे. आप्पा खूश झाले. "बघा, प्रश्न चांगला हाय म्हनत्यात. म्हंजी हाफ तिकीट असनार." ते संध्याकाळपर्यंत वाट बघत बसले. पलीकडून पुन्हा विचारणा झाली, की आपलं समाधान झालं का? आप्पा म्हणाले, "न्हाई म्हणून लिवा. आन् तक्रार-वही मागा."

हिरे शेवटी पूर्ण दरानं घेतले. मग ॲप एकेक प्रश्न विचारू लागलं. खुर्च्या किती, आवाज सुरू ठेवायचा की बंद, चेहरे दिसू द्यायचे की नाहीत, प्रत्येकाला विचार करायला वेळ किती द्यायचा. आप्पांनी आवाज बंद केला. चेहरे बंद केले. वेळ मात्र ॲप जेवढा जास्तीत जास्त देत होतं तेवढा घेतला.

"आप्पा, गप्पा नाहीत, तोंडं दिसणार नाहीत, मग मित्र जमून उपयोग काय?"

"गाडी चालू असताना बोलायचं न्हाई," आप्पा म्हणाले. विषय संपला.

प्रवासी तीन. न्हावऱ्याचे बबनराव, कांदा आणि दूधवाले. जुन्या काळी दुधाच्या किटल्या घेऊन रोज आप्पांच्या पहिल्या गाडीला असायचे आणि किटल्यांच्या लगेजवरून रोज भांडायचे. दुसरे शेखभाई, डेपोतले मेकॅनिक. आता शिक्रापूरला कंपनीच्या पोरांना खोल्या भाड्यानं देतात. तिसरे दौंडचे सोपानराव कांबळे. आप्पांच्या गाडीचे ड्रायव्हर. दोघांची ड्युटी उभ्या नोकरीत क्वचितच वेगळी लागली. कांबळे मध्यंतरी आजारी होते असं ऐकलं होतं. "बरा झाला. एकदम ठणठणीत," असं आप्पांनी सगळ्यांना सांगून ठेवलं होतं.

पाचवी खुर्ची रिकामी जात होती. रिकामी सीट आप्पांना बघवत नाही, म्हणून मला बसवलं.

आता फी. हिऱ्यांचा खर्च सगळ्यांनी सारखा वाटून घ्यायचा, हा माझा साधा हिशोब आप्पांनी फेटाळला. त्यांनी टप्पे पाडले. शिरूरहून जो जितका लांब, त्याला तितकं जास्त भाडं. शेखभाईंचा फोन आला तेव्हा मी समोरच होते.

"अरे रंगनाथ, मोबाइल में टप्पा कायका? मैं घरमें बैठा हूँ ना!"

"नेटवर्क तुझ्यापतूर यायला लांब पडतं. मधी घाट न्हाई, हे नशीब समज."

शेखभाईंनी भरले. बबनरावांनीही भरले, पण दूध संघात शोभेल असा मुद्दा काढून. दौंड सगळ्यांत लांब, मग सगळ्यांत जास्त भाडं दौंडचं. ते कुठाय?

"दौंड पासधारक हाय," आप्पा म्हणाले.

"कसला पास?"

"पास म्हंजी पास. चेकिंग मी करनार का तू?"

खरी बंडाळी पुढे होती. या तिघांचं अख्खं आयुष्य रमी, तीन पत्ती आणि मेंढीकोट यांत गेलेलं. पोकर कुणाच्या बापानं खेळला नव्हता. आप्पांनी तिन्ही जुन्या खेळांवर बंदी घातली आणि पोकर आपल्या भाषेत आणला. हातात दोन पानं येतात, त्यांना आप्पा 'जोडसीट' म्हणतात. पान टाकून दिलं की 'उतरला'. बरोबरीनं पुढे गेला की 'चालू द्या'. रक्कम वाढवली की 'भाडेवाढ'. सगळ्या चकत्या एकदम लावल्या की 'खचाखच'. मधोमध सगळ्यांसाठी पानं उघडतात, ते 'थांबे'. शेवटचं पान उघडतं त्याला इंग्रजीत नदी म्हणतात, हे मी सांगितलं तेव्हा आप्पांचा चेहरा असा उजळला, की जणू पोकर शिरूरलाच निघाला असावा. तेव्हापासून शेवटच्या पानाला गच्चीवरून आमच्या शिरूरच्या नदीच्या नावानं आरोळी येते, "घोड नदी आलीऽऽ! उतरायचं त्यांनी आत्ताच उतरा!"

हातात काही नसताना आव आणून बसणं, याला आप्पांचा शब्द 'विनातिकीट'. ते स्वतः कधीच विनातिकीट बसले नाहीत. पानं चांगली असतील तरच पुढे जायचे आणि ते सगळ्यांना कळायचं, त्यामुळे सगळे उतरायचे. वाईट असतील तर स्वतः उतरायचे. पोकर हा खेळ खोटं बोलता येणाऱ्यांसाठी आहे. आप्पा दर रविवारी नियमानं हरायचे.

सरकारनं पैशाचे ऑनलाइन खेळ बंद केल्याची बातमी आली, तेव्हा शेखभाई हादरले. पोलीस येणार का, म्हणून फोनवर फोन. आप्पा शांत. "आपली गाडी रिकामीच पळतीया. रिकाम्या गाडीला कोन धरतं?"

जिंकायचे ते कांबळे. आणि इथंच सगळं बिघडलं.

कांबळे जिंकायचे, पण फार वेळ घ्यायचे. त्यांची पाळी आली की पडद्यावरचा वेळेचा गोल हळूहळू झिजत जायचा. गोल संपायच्या बेतात आला की एकदम चाल पडायची. दर वेळी. बबनराव धुमसायचे. "तवर माझ्या म्हशीची धार काढून व्हती," असं त्यांनी मला स्वतः सांगितलं. त्यांचा संशय होता की कांबळे झोपतात. शेखभाईंचा संशय होता की कांबळे शेजारी कुणाला तरी विचारून खेळतात. दोघांचाही राग एकाच गोष्टीवर होता. फोन केला तर कांबळे घेत नाहीत. बबनरावांच्या लेकीच्या लग्नाला आले नाहीत. साधा निरोपसुद्धा नाही. "पेन्शन आली आन् मानूस चढला," असं बबनरावांनी ठरवून टाकलं.

त्या रविवारी बबनरावांच्या हातात दोन राजे होते. नदी आली. कांबळ्यांनी अख्खा गोल झिजू दिला आणि शेवटच्या क्षणाला खचाखच केलं. बबनराव घाबरून उतरले. डाव संपल्यावर कांबळ्यांनी आपली पानं सगळ्यांना उघडी करून दाखवली. दुर्री आणि सत्ती. पोकरमध्ये याहून वाईट जोडसीट नाही.

पुढच्याच मिनिटाला आप्पांचा फोन वाजला. पलीकडचं मला ऐकू आलं नाही, पण आप्पांचं अख्ख्या गल्लीनं ऐकलं.

"तो कितीबी वेळ लावंल... व्हय, फुकट बसंल! ... त्याला उतरवू? त्याला? बबन्या, तू उतर! आत्ताच्या आत्ता उतर! थांबा येईस्तोवर थांबायचं न्हाई!"

आप्पांना इतकं चिडलेलं कुणी बघितलं नव्हतं. बबनरावांना टेबलावरून काढून टाकलं. शेखभाई म्हणाले, बबन नाही तर मी पण नाही. पुढच्या रविवारी गच्ची रिकामी होती.

त्यानंतर काही दिवसांनी आप्पा माझ्या दारात आले. हातात टोपी. "ताई, जरा दौंडला येता का? कांबळ्याच्या मोबाईलनं काय तरी नवीन कपडे घातले, आन् टेबलच गायब झालं. वहिनींना जमंना. तुमचं तिकीट मी काढतो."

ॲप अपडेट झालं असणार, हे मला कळलं. सुट्टीच्या दिवशी सकाळच्या एसटीनं निघालो. बसमध्ये जागा होती, तरी आप्पा अर्धा रस्ता उभे. मशीनवर तिकीट काढणाऱ्या कंडक्टर बाईंना त्यांनी मागचं दार, पुढची खिडकी आणि एका पॅसेंजरचं बोचकं अशा तीन गोष्टींची जाणीव करून दिली. शेवटी बाई म्हणाल्या, "आजोबा, तुम्ही बसता का मी बसू?" तेव्हा बसले.

न्हावऱ्याला बबनराव चढले. आम्ही दौंडला चाललोय हे शेखभाईंना माझ्याकडून कळलं होतं, त्यांनी बातमी पोचवली होती. कडक इस्त्रीचा सदरा, खांद्यावर उपरणं. आमच्या मागच्याच सीटवर बसले आणि खिडकीकडे बघत मोठ्यानं म्हणाले, "दौंडला चाललोय. एका मानसाला तोंडावर विचारायचंय, माझी लेक तुला परकी झाली व्हय?"

आप्पांनी मागे बघितलं नाही. पण त्यांचा हात पुढच्या दांडीवर घट्ट झाला. दौंडच्या अलीकडे दोन थांबे आधीच ते मला म्हणाले, "उठा ताई, इथंच उतरू." आम्ही उतरलो. बबनरावही उतरले. मग भर उन्हात आम्ही तिघं रस्त्याच्या कडेनं चालत निघालो. पुढे आप्पा, मध्ये मी, मागे बबनराव. ट्रक अंगावरून जात होते. आप्पा दर थोड्या वेळानं थांबून म्हणायचे, "बबन, माघारी फिर." बबनराव म्हणायचे, "रस्ता सरकारचा हाय."

कांबळ्यांच्या घरापाशी आल्यावर आप्पा दारातच आडवे उभे राहिले. "बबन, तुझ्या पाया पडतो. आत जाऊ नको." हे त्यांनी इतक्या हळू म्हटलं, की बबनराव क्षणभर गोंधळले. पण एवढं चालून आलेला माणूस. आप्पांच्या काखेखालून ते आत शिरले. मागोमाग मी. आप्पा आले नाहीत. ते ओट्यावर बसले.

आत लोखंडी खाट होती. भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो, शेजारी एसटीच्या ड्रेसमधला एक भरदार मिशांचा माणूस. खाटेवर तोच माणूस होता, पण निम्मा. अंगावरून वारं गेलेलं. उजवा हात उशीसारखा शेजारी ठेवलेला, तोंड एका बाजूला ओढलेलं. छातीपाशी लाकडी पाटावर मोबाईल उभा करून बांधला होता. डाव्या हाताचा अंगठा त्याच्यासमोर थरथरत होता.

आम्हाला बघताच कांबळ्यांनी मान भिंतीकडे वळवली.

"बोलता येत न्हाई," कांबळेवहिनी हळूच म्हणाल्या. "कुनी आलं की असंच करत्यात. आपलं असलं रूप कुनाला दिसू नये म्हनून. नातेवाइकांना सुदिक न्हाई सांगितलं."

मग त्यांनी मोबाईल माझ्या हातात दिला आणि बाकीचं सांगितलं. रंगनाथभाऊजींनी आधी रमी आणून दिली होती. पण पानं सरकवून लावायला बोटं लागतात. एका अंगठ्यानं ते जमेना, तेव्हा यांनी चिडून मोबाईल खाली ढकलला. मग भाऊजी कुठून तरी शोधून आले, की पोकरला तीनच बटणं. उतरा, चला, वाढवा. अंगठ्याला जमतं. फक्त बटणापर्यंत पोचायला वेळ लागतो.

मी मोबाईलकडे बघत राहिले. मला मान वर करायची नव्हती.

बबनराव खोलीच्या मध्यावर उभे होते. उपरण्याचं टोक त्यांनी मुठीत धरलं होतं. आता हा माणूस रडणार, असं मला वाटलं. ते खाटेच्या कडेवर धपकन बसले आणि भिंतीकडे वळलेल्या त्या मानेला म्हणाले, "सोपान्या! दुर्री-सत्तीवर? दोन राजे हुते माझ्याकडं! दोन! आन् तू दुर्री-सत्तीवर मला उतरवलास? वर उघडून दाखवतोस? लाज न्हाई वाटली?"

वहिनी घाबरल्या. पण कांबळ्यांचा खांदा हलला. पुन्हा हलला. ते हसत होते. हळूहळू मान इकडे वळली. एका डोळ्यात पाणी होतं आणि ओढलेल्या तोंडात कसलाही पश्चात्ताप नव्हता.

मी टेबल परत जागेवर आणलं. बबनरावांनी तिथूनच शेखभाईंना फोन लावला. "आत्ता बस टेबलावर. का ते इचारू नको. बस."

मी बाहेर ओट्यावर गेले. "आप्पा, आत या. सगळं ठीक आहे."

आप्पा जमिनीकडे बघत म्हणाले, "तुम्ही खेळा. मी इथून बसतो टेबलावर."

"अहो, भिंतीपलीकडं तर आहेत!"

"मला बघितलं की लई रडतो त्यो. दवाखान्यात पयल्यांदा गेलो तवा श्वास अडकला त्याचा. डॉक्टर म्हनले, तरास हुतोय, येऊ नका. तवापासनं आत गेलो न्हाई. इथवर येतो. वहिनी चहा देत्यात. जातो."

"जयभीम, भाऊजी," वहिनी दारात आल्या होत्या. "कवाधरनं बसलाय. ते बोट दाखवत्यात दाराकडं. म्या म्हनलं कोन पायजे, तर मोबाईलवरचं तुमचं नाव दाखवलं."

आप्पा उठले. सदरा खाली ओढला. टोपी घातली, काढली, पुन्हा घातली. मग आत गेले आणि खाटेसमोरच्या स्टुलावर बसले.

डाव सुरू होता. मी आधीच उतरले होते, शेखभाईही. बबनरावांनी भाडेवाढ केली होती आणि पाळी कांबळ्यांची होती. कांबळ्यांनी अंगठा उचलला नाही. ते आप्पांकडे बघत होते. तोंड आणखी वाकडं झालं आणि घशातून मोठा आवाज आला. आप्पांनी त्यांचा निर्जीव उजवा हात दोन्ही हातांत धरला, आणि मग तो वाळका म्हातारा असा रडला, की बबनराव उठून खिडकीपाशी गेले. कांबळ्यांचा श्वास अडकला नाही. वहिनी त्यांची छाती चोळत होत्या.

पडद्यावरचा गोल झिजत गेला आणि ॲपनं कांबळ्यांना उतरवलं. मग आप्पांची पाळी आली. त्यांचाही गोल झिजला. ॲपनं त्यांनाही उतरवलं. सगळ्या चकत्या बबनरावांकडे सरकल्या आणि पडद्यावर रंगीत कागद उडाले.

शेखभाईंचा मेसेज आला, "बबन, ऐसा क्या पत्ता था तेरे पास? दोनों एकदम उतर गए."

बबनरावांनी नाक पुसलं. "त्याला कळवा, ह्यो डाव धरायचा न्हाई."

परतीच्या एसटीत बबनराव न्हावऱ्याला उतरले. पुढच्या रविवारी दूध घालून परस्पर दौंडला जाणार, शेखभाईंनाही ओढून आणणार, असं त्यांनी दारातून ओरडून सांगितलं. गाडी पुन्हा निघाली. आप्पा आता खिडकीशी बसले होते. दोन्ही बाजूंना ऊस होता. मी म्हटलं, "बरं झालं ना आप्पा, आत गेलात ते?"

ते पुढे ड्रायव्हरच्या पाठीकडे बघत होते. कोणीतरी तरुण होता तो, मानेवर रुमाल टाकलेला.

"उभी नोकरी मी त्याची पाठच बघत आलो, ताई," आप्पा म्हणाले. "त्यो पुढं, मी मागं. तोंड कवा नीट बघितलंच न्हाई. आज समोर बसलो. त्याच्या हनुवटीवर तीळ हाय वो. मला म्हाइतीच न्हवतं."